आजारी माणसं एकमेकांना काय देणार? बरंच काही

एक मजकूर सध्या व्हॉट्सॲपवर फिरतोय. मला तो सोसायटीच्या गटातून आला, मग नातेवाइकांच्या, मग शाळेच्या जुन्या मैत्रिणींच्या. त्याचा सारांश असा : मानसिक आजाराचे स्वमदत गट, म्हणजे जिथे रुग्ण किंवा त्यांच्या घरचे जमून एकमेकांना आधार देतात, ते रडगाण्यांचा अड्डा. दुःख उगाळलं की वाढतं. जो स्वतःच बुडतोय तो दुसऱ्याला काय तारणार? आपल्याकडे एकत्र कुटुंबं होती, कट्टे होते, तेव्हा या परदेशी खुळाची गरज पडत नव्हती. आणि असे गट माणसाला डॉक्टरांपासून तोडतात.

माझ्या भावाला स्किझोफ्रेनिया, म्हणजे भास आणि संशय होणारा गंभीर मानसिक आजार आहे. मी शुभंकरांच्या, म्हणजे रुग्णाची काळजी घेणाऱ्या घरच्यांच्या गटात नियमित जाते. हा मजकूर वाचून एखादी आई गटाच्या दारातून परत फिरली, तर तिचं आणि तिच्या मुलाचं नुकसान होईल. म्हणून उत्तर देते आहे.

दुःख उगाळण्याच्या मुद्द्यात तथ्य आहे, ते आधी मान्य करू. अमेरिकेतल्या मानसशास्त्रज्ञ अमांडा रोझ यांनी २००२ साली शाळकरी मुलामुलींच्या मैत्रीचा अभ्यास प्रसिद्ध केला. जी मुलं एकमेकांशी सतत अडचणींचंच बोलत राहतात, त्यांची मैत्री घट्ट असते, पण चिंता आणि उदासीही जास्त असते, असं त्यांना दिसलं. तेव्हा नुसतं मन मोकळं केलं की बरं वाटतं, असं मीही म्हणणार नाही.

पण नीट चालवलेल्या गटात नुसतं मन मोकळं करणं चालत नाही. प्रत्येकाला बोलायला ठरावीक वेळ असतो, मध्ये कोणी तोंड घालायचं नाही. विचारल्याशिवाय सल्ला द्यायचा नाही. इथलं बोलणं बाहेर न्यायचं नाही. अडचण मांडून झाली की चालवणारी व्यक्ती विचारते, ‘असं आणखी कोणाच्या घरी झालंय? तुम्ही काय केलंत?’ या प्रश्नानंतर बैठकीचं वळणच बदलतं.

एक प्रसंग सांगते, त्या ताईंची परवानगी घेऊन. पहिल्यांदाच आल्या होत्या. बराच वेळ गप्प होत्या, मग हळू आवाजात म्हणाल्या, ‘मुलगा रात्री झोपेत रडतो. सकाळी उशी ओली असते. मी त्याला विचारत नाही, त्याला वाईट वाटेल म्हणून.’ समोरच्या काकांनी विचारलं, ‘क्लोझापिन चालू आहे का?’ होतं. ‘मग ते रडणं नसेल हो, लाळ असेल. या गोळीने रात्री लाळ गळते. आमच्याकडेही तेच. उशीवर टर्किश टॉवेल घाला आणि पुढच्या वेळी डॉक्टरांना आठवणीने सांगा, त्यावर उपाय असतो.’ बाईंनी पदर तोंडाला लावला आणि त्या स्वतःच रडायला लागल्या, सुटल्यासारख्या. कितीतरी रात्री त्यांनी त्या उशीकडे बघून काढल्या होत्या. डॉक्टरांच्या दहा मिनिटांत ही गोष्ट निघालीच नव्हती, कारण ती लक्षण आहे हेच त्यांना माहीत नव्हतं. याला रडगाणं म्हणायचं असेल तर खुशाल म्हणा.

आता ‘बुडणारा बुडणाऱ्याला काय तारणार’. ऐकायला बिनतोड वाटतं, म्हणून सगळ्यात जास्त अंगठे यालाच मिळालेत. पण १९३५ सालापासून याच्या उलट घडताना दिसतंय. अमेरिकेतल्या ॲक्रन गावी बिल विल्सन हा शेअर दलाल आणि बॉब स्मिथ हे शल्यचिकित्सक भेटले. दोघेही दारूच्या पुरते आहारी गेलेले. बिलची दारू काही महिन्यांपूर्वी सुटली होती आणि पुन्हा प्यायची ओढ लागली होती. दुसऱ्या पिणाऱ्याशी बोललो तर आपण टिकू, एवढंच त्याला उमगलं होतं. दारू सोडू पाहणाऱ्यांनीच एकमेकांना आधार देण्याची अल्कोहोलिक्स ॲनॉनिमस, म्हणजे ए.ए., ही संघटना तिथून उभी राहिली. पुढे २०२० साली कॉक्रेन या, वैद्यकीय अभ्यासांचा एकत्र आढावा घेणाऱ्या संस्थेने २७ अभ्यास आणि १०,५६५ लोकांची माहिती एकत्र तपासली. ए.ए.च्या बैठकांकडे पद्धतशीर वळवणाऱ्या उपचारांनंतर वर्षभराने सुमारे ४२ टक्के लोक दारूपासून पूर्ण दूर होते. इतर प्रस्थापित उपचारांनंतर सुमारे ३५ टक्के. तज्ज्ञांच्या उपचारांशी तुलना करून आलेला हा आकडा आहे.

आपल्याकडे पुण्यात १९८६ साली डॉ. अनिता आणि अनिल अवचट यांनी मुक्तांगण हे व्यसनमुक्ती केंद्र सुरू केलं, पु. ल. आणि सुनीताबाई देशपांड्यांच्या देणगीचा आधार घेऊन. तिथे व्यसनातून बाहेर आलेली माणसंच नव्याने आलेल्यांच्या शेजारी बसतात. ‘मला सगळं कळतं, पण सुटत नाही’ हे वाक्य त्यांनी स्वतः म्हटलेलं असतं, त्यामुळे समोरच्याला त्यांच्यापुढे थापा मारता येत नाहीत. व्यसनी नवऱ्यांच्या बायकांसाठी वेगळा सहचरी गट आहे. नवऱ्याच्या दारूत बायकोचीही अनेक वर्षं जातात, हे तिथे ओळखलं गेलं.

व्यसन वेगळं आणि मनाचे आजार वेगळे, असं कोणी म्हणेल. म्हणून इंग्लंडमधला एक प्रयोग सांगते, २०१८ साली लॅन्सेट या वैद्यकीय नियतकालिकात आलेला. मानसिक संकटातून नुकत्याच सावरलेल्या ४४१ जणांपैकी निम्म्यांना स्वतःची काळजी घेण्याची वही नुसती पाठवली. उरलेल्यांना ती वही भरायला, आजार स्वतः भोगलेल्या सोबत्याने मदत केली. वर्षभरात पहिल्या गटातल्या ३८ टक्के लोकांना पुन्हा तातडीचे उपचार घ्यावे लागले, दुसऱ्यातल्या २९ टक्के लोकांना. सगळेच प्रयोग इतके यशस्वी झालेत असं नाही. इंग्लंडमध्येच, रुग्णालयातून घरी जाणाऱ्यांना सोबती देण्याच्या नंतरच्या एका मोठ्या प्रयोगात पुन्हा भरती होणं कमी झालं नाही. सोबत कधी, कोणाला आणि कशी द्यायची याने फरक पडतो. पण फॉरवर्डमधला दावा फरक पडत नाही इतकाच नाही. माणसं एकमेकांना बुडवतात, असा आहे. त्याला या प्रयोगांत आधार दिसत नाही.

गोव्यातलं उदाहरण तर आपल्या दाराशी आहे. तिथे गरोदरपणात नैराश्य आलेल्या २८० बायकांवर अभ्यास झाला, तो २०१९ मध्ये प्रसिद्ध झाला. निम्म्या जणींच्या घरी त्यांच्याच भागातल्या, प्रशिक्षण घेतलेल्या, स्वतः आई असलेल्या साध्या बायका जात. त्यांना सखी म्हणत. बाळ सहा महिन्यांचं झालं तेव्हा सखी येत असलेल्यांपैकी ७३ टक्के बायका नैराश्यातून बाहेर आल्या होत्या. बाकीच्यांत हे प्रमाण ५७ टक्के होतं. लक्षणांच्या सरासरी तीव्रतेत मात्र स्पष्ट फरक आढळला नाही, हेही सांगायला हवं. तरी बाहेर आलेल्यांच्या आकड्यातला हा फरक मला फार मोठा वाटतो.

एकत्र कुटुंबाचं गुणगान मला खरोखर सहन होत नाही. त्या मोठ्या वाड्यांत आजारी माणूस कुठे असायचा? मागच्या खोलीत. पाहुणे आले की दार लोटून घ्यायचे. ‘लग्न करून टाका, ताळ्यावर येईल’ हा सल्ला कट्ट्यावर आणि माजघरात सारखाच मिळायचा, आणि त्यापायी किती मुलींची आयुष्यं गेली याचा कोणी हिशोब ठेवला नाही. माणसं खूप होती, पण हा एक विषय काढायला जागा नव्हती. आजही माझा मावसभाऊ ‘तुझा भाऊ काय करतो हल्ली?’ एवढं विचारून उत्तराआधी क्रिकेटवर जातो. तो वाईट नाही, त्याला पुढे काय बोलायचं ते सुचत नाही. गटात ते सुचतं, कारण तिथल्या प्रत्येकाने रात्री दोन वाजता ‘शेजारी माझ्यावर पाळत ठेवतात’ हे ऐकलेलं असतं.

परदेशी खुळाबद्दल थोडक्यात. रुग्णांना आणि त्यांच्या घरच्यांना आधार देणारी पुण्यातली स्किझोफ्रेनिया अवेअरनेस असोसिएशन सुरू केली डॉ. जगन्नाथ वाणी यांनी. ते कॅनडात कॅल्गरी विद्यापीठात प्राध्यापक होते आणि त्यांच्या पत्नीला हा आजार होता. तिकडे मिळालेला आधार इकडच्या घरांनाही मिळावा, एवढीच ती धडपड. नाशिक जिल्ह्यातल्या खेड्यांत ‘आत्मीयता’ प्रकल्पात गावातल्याच लोकांना दुःखात असलेला माणूस ओळखायला आणि त्याच्याशी बोलायला शिकवलं गेलं. पुढे तो गुजरातेत मेहसाण्यात वाढला आणि जागतिक आरोग्य संघटनेने २०२१ च्या मार्गदर्शिकेत त्याची दखल घेतली.

राहिला डॉक्टरांपासून तोडण्याचा आरोप. मी पाहते ते नेमकं उलट आहे. गोळ्यांनी वजन वाढलं, हात थरथरतात, दिवसभर झोप येते म्हणून माणूस गुपचूप गोळी बंद करतो. गटात कोणीतरी म्हणतं, ‘मीही बंद केली होती, दोन महिन्यांत पुन्हा ॲडमिट झालो. डॉक्टरांना सांग, डोस बदलून देतात.’ डॉक्टरांचं जे बोलणं उपदेश वाटतं, तेच या तोंडून ऐकलं की पटतं.

गोळ्या सोडा म्हणणारे, पैसे उकळणारे, सदस्यांचे व्हिडिओ टाकणारे गट असू शकतात. तसा भेटला तर पहिल्याच दिवशी उठून या. गटात जाण्याआधी विचारा : कोण चालवतं? गोपनीयतेचा नियम काय? कोणी जीव द्यायचं बोललं तर तुम्ही काय करता? या तिसऱ्या प्रश्नाला ‘लगेच घरच्यांना आणि डॉक्टरांना कळवतो’ असंच उत्तर यायला हवं, कारण असं संकट एकट्याने हाताळणं हे गटाचं काम नाही. अशा वेळी बैठकीच्या दिवसाची वाट पाहू नका. सरकारची टेलिमानस हेल्पलाइन १४४१६ चोवीस तास चालू असते, मराठीतही बोलता येतं आणि पैसे लागत नाहीत.