‘बिनाइन ग्रोथ’ दिसली की डी३१? (एका प्रतिक्रियेला जरा लांबलेलं उत्तर)

नमस्कार,

डोळ्यावरच्या वाढीला मेडिकल कोड (डॉक्टरांनी लिहिलेल्या निदानासाठी बिलात टाकायचा ठरलेला कोड) कसा द्यायचा, या माझ्या लेखावरची तुमची प्रतिक्रिया दोनदा वाचली. पहिल्यांदा वाचून रागच आला खरं तर, ‘अर्धवट माहिती देऊन नवीन कोडर्सची दिशाभूल करू नका’ हे वाक्य कुणालाही झोंबेल. पण दुसऱ्यांदा वाचताना लक्षात आलं की तुमच्या दोन मुद्द्यांपैकी एक शंभर टक्के बरोबर आहे, तर तो आधी मान्य करून टाकतो.

दोन्ही डोळ्यांत असेल तर शेवटी ३ लावा, असं मी सरसकट लिहिलं होतं. टेरिजियमला (डोळ्याच्या पांढऱ्या भागावरून बुबुळाकडे सरकणारी वाढ) ते चालतं: एच११.००१ उजवा, एच११.००२ डावा, एच११.००३ दोन्ही. डी३१ मध्ये (डोळ्याच्या बिनाइन, म्हणजे कॅन्सर नसलेल्या, नियोप्लाझमचे म्हणजे ट्युमरचे कोड) मात्र बायलॅटरल, म्हणजे दोन्ही डोळ्यांचा मिळून, कोडच नाही, डी३१.०१ उजवा आणि डी३१.०२ डावा, दोन्हीकडे असेल तर हे दोन्ही टाकायचे. डी३१.०३ टाकलात तर सिस्टीम परत तोंडावर फेकणार. चूक माझी, लेखात दुरुस्त केलीय.

आता दुसरा मुद्दा, इथं मात्र मी मागे हटत नाही. तुमचं म्हणणं असं की डॉक्टरांनी चार्टमध्ये वर ‘कंजंक्टायव्हावर (डोळ्याच्या पांढऱ्या भागावरचं पातळ आवरण) बिनाइन ग्रोथ’ आणि खाली इम्प्रेशनमध्ये, म्हणजे निदानाच्या जागी, ‘टेरिजियम’ लिहिलं असेल तर डी३१.०- च (रेघेच्या जागी पुढचे आकडे येतात) लागतो, कारण आयसीडी-१०-सीएमच्या, म्हणजे निदानांच्या कोडच्या पुस्तकाच्या, इंडेक्समध्ये ‘ग्रोथ’ शोधलं की ते नियोप्लाझमकडेच पाठवतं. पाठवतं, बरोबर. पण नियोप्लाझमच्या तक्त्यातल्या कुठल्या कॉलमकडे ते बघितलंत का? बिनाइन नाही, ‘अनस्पेसिफाइड बिहेवियर’ (वाढ बिनाइन की कॅन्सरची ते लिहिलेलंच नाही), म्हणजे कंजंक्टायव्हासाठी डी४९.८९. मुळात ‘ग्रोथ’ शोधायची वेळ कधी येते, तर डॉक्टरांनी दुसरं काहीच नाव दिलं नसेल तेव्हा. इथं नाव दिलंय. मग इंडेक्समध्ये सरळ ‘टेरिजियम’ उघडायचं, ते एच११.०- ला नेतं, विषय संपला.

आणि ‘बिनाइन’ या शब्दाचं म्हणाल तर डॉक्टर तो पेशंटला धीर देण्यासाठीही वापरतात हो, ‘घाबरू नका, कॅन्सर नाहीये’ एवढाच अर्थ असतो. टेरिजियम म्हणजे डोळ्याच्या पांढऱ्या भागावरच्या पातळ आवरणाची, बहुतेक वेळा नाकाकडच्या बाजूने, पंखासारखी कॉर्नियावर (बुबुळासमोरचा पारदर्शक पडदा) सरकत जाणारी वाढ, वर्षानुवर्षं ऊन आणि अल्ट्राव्हायोलेट लागून होणारी. पिंग्वेक्युला तिचीच भावंड, फक्त ती कॉर्नियावर चढत नाही, पिवळट उंचवटा होऊन बाजूलाच बसते, तिचा कोड एच११.१५-. टेरिजियममध्ये ट्युमरसारखे काही गुण दिसतात असं म्हणणारे संशोधक आहेत, मला माहितीय, पण तो वाद त्यांचा, आपण कोड देतो ते पुस्तकात ती वाढ कुठं ठेवलीय त्यावरून, आणि पुस्तकाने ती डोळ्याच्या चॅप्टरमध्ये ठेवलीय, नियोप्लाझमच्या नाही.

हे मी फार शहाणा म्हणून सांगत नाहीये. नवीन होतो तेव्हा डाव्या डोळ्याच्या एका पिंग्वेक्युलाला मीही डी३१.०२ ठोकला होता, अगदी तुमच्याच लॉजिकने, आणि ऑडिटमध्ये तो चार्ट लाल होऊन आला. मार्क गेले त्याचं काही नाही, पण त्या माणसाच्या रेकॉर्डवर मी ट्युमर चिकटवला होता, जो त्याला नव्हताच, ते अजून खुपतं.

मग डी३१.०- लागतो कधी? कंजंक्टायव्हाचा नीव्हस (तीळ), पॅपिलोमा (मशासारखी वाढ), असं खरोखरचं बिनाइन नियोप्लाझम डॉक्टरांनी लिहिलं असेल तेव्हा. जागा बघा मात्र, पापणीच्या कातडीवरचा नीव्हस डी२२.१- मध्ये जातो आणि आतल्या कोरॉइडचा (डोळ्याच्या आतला रक्तवाहिन्यांचा थर) डी३१.३- मध्ये. आणि वाढ काढून पॅथॉलॉजीला पाठवली असेल तर रिपोर्ट येईपर्यंत थांबा की, बिल दोन दिवस उशिरा गेलं तर काही बिघडत नाही, टेरिजियम समजून काढलेल्यात कधीकधी कार्सिनोमा इन सिटू (अगदी सुरुवातीचा, खोलवर न पसरलेला कॅन्सर) निघतो आणि मग सगळंच बदलतं, कोड डी०९.२- होतो. अजून एक गडबड नेहमी दिसते, रिपोर्ट आला नाही म्हणून लोक ‘अनसर्टन बिहेवियर’चा डी४८.७ टाकतात. अनसर्टन म्हणजे पॅथॉलॉजिस्टने स्लाइड बघून ‘हे पुढं कसं वागेल सांगता येत नाही’ असं म्हटलंय, आपल्याला माहीत नाही म्हणून अनसर्टन नव्हे!

शेवटी तुम्ही विचारलंत की चार्टमध्ये नुसतं ‘बिनाइन ग्रोथ’ एवढंच असेल, टेरिजियमचं नावच नसेल तर काय. तर अंदाज लावायचा नाही, डॉक्टरांना क्वेरी, म्हणजे लेखी प्रश्न, टाकायची, पण ‘हे टेरिजियमच आहे ना?’ अशी नाही, ती लीडिंग, म्हणजे उत्तर आधीच सुचवणारी, होते. ‘नाकाकडच्या बाजूला कॉर्नियावर २ मिमी आलेली वाढ नोंदवली आहे, कृपया निदान स्पष्ट करावे’, असं लिहा, खाली टेरिजियम, पिंग्वेक्युला, नियोप्लाझम, इतर, सांगता येत नाही, असे पर्याय द्या आणि उत्तर येईपर्यंत तो चार्ट होल्डवर ठेवा.