जून, जुलै गेले

बंड्या कट्ट्यावर आला तोच फणफणत. बहिणीची पोटगी जूनपासून बंद आहे. या जूनपासून नव्हे, गेल्या वर्षीच्या. चौदा महिने झाले.

"सरळ आत टाका की त्याला. कोर्टाचा आदेश आहे, पोरखेळ आहे का?"

"आत बसून तो पैसे कुठून आणणार? कोठडीत नोटा छापतात का?" नाना म्हणाले. नानांचं नेहमीचंच. बोलतात तोडून, आणि निम्मं बरोबर असतं, म्हणून राग येतो.

मग आमचे वकीलसाहेब बोलले. हा खरं तर एका वकिलाकडे कारकून आहे, पण आम्ही त्याला वकीलसाहेब म्हणतो आणि आता तोही बिनदिक्कत ओ देतो.

"नाना, तो आत बसला म्हणून पैसे फिटत नाहीत. सर्वोच्च न्यायालयाने १९८८ सालीच सांगून ठेवलंय, कैद हा वसुलीचा मार्ग आहे, फेड नाही. बसून बाहेर आला तरी थकबाकी जशीच्या तशी."

"मग बसवायचं कशाला?"

"भीतीला. वॉरंट निघालं की बरेच जण कोर्टात येऊन थोडेफार भरतात."

"आमच्याने तेच केलं," बंड्या म्हणाला. "थोडे भरले, पुढची तारीख घेतली, पुन्हा बंद. त्याच्याआधीचं वॉरंट तर तसंच परत आलं होतं. शेरा काय, तर 'सदर इसम दिलेल्या पत्त्यावर मिळून आला नाही'. आणि त्याच आठवड्यात या इसमाने नव्या गाडीला हार घातलेला फोटो स्टेटसला लावला होता! ताई विचारायला गेली तर म्हणे, पत्ता तुम्हीच शोधून द्या."

यावर नानाही गप्प बसले. मला स्वतःला या सगळ्यात हेच सर्वात जास्त टोचतं. पैसे बुडवले त्याने, आणि तो राहतो कुठे, कमावतो किती, गाडी कोणाच्या नावावर, हे हुडकायचं हिने. सर्वोच्च न्यायालयाच्या २०२० च्या निकालापासून दोघांनाही उत्पन्नाचं आणि मालमत्तेचं प्रतिज्ञापत्र द्यावं लागतं. पण कागदावर 'बेरोजगार' लिहायला कुठे काय लागतं?

"पण खरंच नोकरी गेली असेल तर?" नानांनी सोडलं नाही.

"तर कोर्टात जाऊन रक्कम कमी करून मागायची. त्याची तरतूद आहे. आपल्याच मनाने हप्ता थांबवायचा नाही. पुरेसं कारण असेल तर कोर्ट ऐकतं, पण ते कारण कोर्टात येऊन सांगायला तर हवं!"

माझं म्हणणं मी तेव्हा मांडलं, इथेही मांडतो. कोठडीपेक्षा पगाराला हात घाला. पगारदार माणूस असेल तर दिवाणी दरखास्तीत, म्हणजे कोर्टाच्या हुकमाची बजावणी मागणाऱ्या अर्जात, पगार जप्त करता येतो. गंमत बघा, साध्या कर्जाच्या वसुलीत पगारातला ढोबळमानाने एक तृतीयांश भाग जप्त होऊ शकतो. पोटगीसाठी उलट, एक तृतीयांश त्याला सोडायचा आणि बाकीच्याला हात लावता येतो. कौटुंबिक हिंसाचाराच्या कायद्याखाली आदेश असेल आणि नवऱ्याने पैसे थकवले, तर मॅजिस्ट्रेट थेट मालकालाच सांगू शकतात की पगारातले एवढे हिला द्या. मग दर महिन्याला कोर्टाची पायरी चढायला नको. पण धंदेवाला असेल, सगळा रोखीचा व्यवहार असेल, तर मीही गप्प. तिथे वॉरंट, जंगम मालमत्तेची जप्ती, नाहीतर कलेक्टरमार्फत शेतसाऱ्याच्या थकबाकीसारखी वसुली. आणि हे सगळं करायला मालमत्ता त्याच्या नावावर सापडली पाहिजे.

"ते राहू दे," वकीलसाहेब मध्येच बंड्याकडे वळला. "ताईचा आदेश जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम एकशे पंचवीसचा ना? आता ते नव्या नागरिक सुरक्षा संहितेत एकशे चव्वेचाळीस झालंय. नव्याने अर्ज कधी दिला?"

"दिलाय कुठे? ती म्हणते एकदम सगळे मागू, फेऱ्या वाचतील."

वकीलसाहेबाने कपाळावर हात मारला. "अरे, वॉरंटसाठी हप्ता देय झाल्यापासून एका वर्षाच्या आत अर्ज लागतो. वर्ष उलटलं की तो हप्ता या रस्त्याने येत नाही."

"म्हणजे बुडाले?"

"हक्क बुडत नाही. २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तेही स्पष्ट केलंय. पण त्याच्यासाठी दिवाणीचा लांबचा रस्ता. हप्ता कितीला देय असतो?"

"पाच तारखेला."

वकीलसाहेब बोटांच्या पेरांवर मोजायला लागला. "जून गेला. जुलै गेला. ऑगस्ट..." आणि थांबला. "आज तीन ना?"

"तीन."

"गेल्या वर्षीचा ऑगस्ट परवा जाईल. उद्या सकाळी तिला आदेशाची नक्कल आणि पासबुक घेऊन आमच्या ऑफिसात पाठव. दहाच्या आत."

बंड्याने फोन लावला. रिंग जात होती. नाना म्हणाले, "उचलत नसेल तर घरी जा रे, बसलायस काय!"