एका घरात दोन ओळखी नांदत नाहीत, असं म्हणणाऱ्यांसाठी

वेगळ्या वंशाच्या, भाषेच्या किंवा धर्माच्या माणसांनी थाटलेल्या संसारांबद्दल एक मजकूर सतत फिरत असतो. शब्द दरवेळी थोडे बदलतात, आशय तोच. अशी लग्नं ही आजकालची टूम आहे, त्यांतली मुलं ना इकडची ना तिकडची होतात, एका पिढीत धर्म बुडतो. म्हणून दोघांपैकी एकानं पुरतं दुसऱ्याचं व्हावं, तरच घर टिकतं. आणि काहीही केलं तरी रक्त बदलत नाही. खाली ‘पटलं तर पुढे पाठवा’ असतंच. मला हे पटलेलं नाही आणि गप्पही बसवत नाही, कारण हा मजकूर अशा घरांत वाढणाऱ्या मुलांच्या फोनवरही जाऊन पडतो. स्वतःच्या आईवडिलांचं लग्न ही चूक होती, असं त्या मुलांनी रोज वाचायचं. तेव्हा एकेक दावा तपासू.

‘पूर्वी असं काही नव्हतं.’

होतं, आणि भरपूर होतं. मलेशियातलं मलाक्का, पेनांग आणि सिंगापूर इथली पेरानाकन घराणी शेकडो वर्षं जुनी आहेत. चीनहून व्यापारासाठी आलेले पुरुष आणि त्या मुलुखातल्या स्त्रिया यांच्या संसारांतून ती उभी राहिली. जगातल्या कुठल्याही जुन्या बंदरात असे संसार सापडतील.

काही ठिकाणी ते कमी दिसतात, कारण तिथे कायद्यानं बंदी होती. जर्मनीत नाझींनी १९३५ साली ज्यू आणि ‘जर्मन रक्ताचे’ यांच्यातली लग्नं गुन्हा ठरवली. दक्षिण आफ्रिकेत असा कायदा १९४९ ला आला आणि १९८५ पर्यंत राहिला. अमेरिकेत १९६७ साली सर्वोच्च न्यायालयानं लव्हिंग नावाच्या जोडप्याच्या खटल्यात निकाल दिला, तेव्हा सोळा राज्यांत गोऱ्या-काळ्यांच्या लग्नाला मनाई होती. त्याच खटल्यात खालच्या न्यायाधीशानं १९६५ साली असं कारण दिलं होतं की देवानं वेगवेगळे वंश वेगवेगळ्या खंडांत ठेवले, त्याअर्थी त्यांची सरमिसळ व्हावी अशी त्याची इच्छा नव्हती. आजच्या मजकुरातला युक्तिवाद याहून फार निराळा नाही. माणसं मुळात असं वागतच नव्हती, तर त्यांना अडवायला तुरुंगाची शिक्षा कशाला लागली असती?

‘एका पिढीत धर्म बुडतो, ओळख पुसली जाते.’

या दाव्यावर मी जास्त थांबणार आहे, कारण मजकुराची खरी भीती इथे आहे आणि ती भीती खोटी नाही. आजीची भाषा नातवाला कळेनाशी होते, तेव्हा आजीला जे वाटतं ते कुठल्याही आकडेवारीनं भरून येत नाही. पण दावा असा आहे की सगळंच एकदम जातं. तसं घडत नाही. भाषा, श्रद्धा, नाव, पेहराव, मरणाचे विधी, ‘आम्ही कोण’ हे सांगण्याची रीत, यांतलं प्रत्येक आपापल्या वेगानं बदलतं. कधी एक जातं आणि दुसरं चिवटपणे राहतं.

पेरानाकन घरांचंच पाहा. या कुटुंबांची बोली मलय वळणाची झाली, बायकांचा पेहराव मलय पद्धतीचा सारोंग-केबाया झाला. पूर्वजांची पूजा, लग्नाचे आणि अंत्यसंस्काराचे विधी मात्र चिनी राहिले. भाषा गेली, श्रद्धा राहिली.

आता कॅलिफोर्नियात काय झालं ते बघा. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला पंजाबातून, बहुतेक शीख आणि काही मुसलमान, शेतीच्या कामाला तिकडे गेले. १९१७ च्या कायद्यानं आशियातून येण्याची वाट बंद झाली, त्यामुळे गावाकडच्या बायकांना आणणं अशक्य झालं. गोऱ्या बाईशी लग्न करायला राज्याचा कायदा आडवा येई. मग इंपीरियल व्हॅलीसारख्या भागात त्यातल्या अनेकांनी मेक्सिकन वंशाच्या स्त्रियांशी लग्नं केली. लग्नाचा परवाना देणारा कारकून दोघांचा वर्ण सारखा दिसतो असं मानून कागद करून देत असे. या घरांत मुलांची नावं स्पॅनिश आणि आडनावं सिंग किंवा खान. घरची भाषा स्पॅनिश, बाप्तिस्मा बहुधा कॅथलिक चर्चमध्ये, आणि त्या बाप्तिस्म्याला धर्मपिता म्हणून उभा राहणारा माणूस बापाचा पंजाबी दोस्त. वडिलांची पंजाबी मुलांपर्यंत फारशी पोचलीच नाही. पण ही मुलं मोठी होऊन अभिमानानं स्वतःला ‘हिंदू’ म्हणवत राहिली, कारण त्या काळच्या अमेरिकेत हिंदुस्थानातून आलेल्या प्रत्येकाला, मग तो शीख असो की मुसलमान, हाच शब्द होता. इथे भाषा गेली, श्रद्धाही आईची झाली, पण बापाच्या देशाशी असलेलं नातं टिकलं. पेरानाकनांच्या जवळजवळ उलट. पुढे १९६५ नंतर पंजाबातून नवी कुटुंबं आली, तेव्हा त्यांना ही मंडळी आपली वाटेनात. ते दुःख खरं आहे, आणि ते या मुलांनी ओळख टाकल्यामुळे आलेलं नव्हतं. नव्यांना फक्त एकाच प्रकारचा पंजाबी ओळखता येत होता.

आकडेही पाहू. अमेरिकेतल्या ज्यूंबद्दल प्यू रिसर्च सेंटर या सर्वेक्षण संस्थेनं २०१३ साली अहवाल काढला. आईवडिलांपैकी एकच ज्यू असलेल्यांमध्ये, ६५ वर्षांवरच्या लोकांपैकी २५ टक्के स्वतःला ज्यू म्हणवत होते. तिशीच्या आतल्यांत हेच प्रमाण ५९ टक्के होतं. धर्म एका पिढीत बुडत असता, तर तरुणांत हा आकडा खाली यायला हवा होता. याच अहवालात हेही आहे की अशा घरांतली बरीच मुलं धर्म न पाळता केवळ वंशानं किंवा संस्कृतीनं ज्यू म्हणवतात. तो बदल मी लपवणार नाही. पण बदल म्हणजे बुडणं नव्हे.

आणि भारतापुरतं बोलायचं, तर प्यूच्याच २०१९-२० च्या सर्वेक्षणात ९९ टक्के विवाहितांचा जोडीदार स्वधर्माचाच निघाला. जिथे शंभरात एक संसार असा आहे, तिथे त्या एका घरावर आख्खा धर्म बुडवल्याचा आरोप ठेवणं हा त्या घरावर अन्याय आहे.

‘मुलं ना इकडची ना तिकडची होतात.’

या म्हणण्याला एके काळी विद्वत्तेचा आधार होता. रॉबर्ट पार्क या अमेरिकन समाजशास्त्रज्ञानं १९२८ साली दोन संस्कृतींच्या सीमेवर उभ्या असलेल्या माणसाची कल्पना मांडली, आणि पुढे एव्हरेट स्टोनक्विस्टनं तिला अस्थिर, दुभंगलेल्या मनाचं रूप दिलं. पण ज्या समाजात मिश्र वंशाच्या मुलाला शाळेत, नोकरीत, लग्नात दार बंद होतं, त्याच समाजात हे दुभंगलेपण पाहिलं गेलं. दार लोकांनी बंद करायचं आणि बाहेर उभा राहिला म्हणून दोष मुलाला द्यायचा.

दोन भाषांच्या बाबतीतही हेच झालं. वेल्समध्ये १९२३ साली झालेल्या एका अभ्यासात द्विभाषिक खेडवळ मुलं बुद्धिचाचणीत मागे पडली, आणि दोन भाषांनी मुलाच्या डोक्याचा गोंधळ होतो हे वाक्य कित्येक वर्षं पालकांना ऐकवलं गेलं. १९६२ साली एलिझाबेथ पील आणि वॉलेस लॅम्बर्ट यांनी मॉन्ट्रियलमध्ये दहा वर्षांच्या मुलांची तुलना केली, पण घरची आर्थिक स्थिती सारखी असेल अशी काळजी घेऊन. द्विभाषिक मुलं चाचण्यांत पुढे निघाली. आधी मोजली गेली होती ती बरीचशी गरिबी होती.

मुलाला गोंधळात टाकणारा प्रश्न बहुधा बाहेरून येतो, आणि तो फॉर्मवर छापलेला असतो: एकाच रकान्यात खूण करा. म्हणजे आई किंवा बाप, दोघांतला एक खोडा. अमेरिकेच्या जनगणनेत २००० सालापासून एकाहून जास्त वंश नोंदवता येतात. ब्रिटननं २००१ मध्ये मिश्र वंशाचा रकाना दिला. सिंगापुरात २०११ पासून मुलाच्या नोंदीत आईबापांचे दोन्ही वंश जोडून लिहिता येतात. उलट टोकाला बोस्निया आहे. तिथल्या राज्यघटनेप्रमाणे देशाच्या अध्यक्षमंडळात बोस्नियाक, क्रोएट किंवा सर्ब या तीन गटांपैकी एकाचं नाव लावलेल्यालाच जागा. जो म्हणेल ‘मी यांतल्या कुठल्याच एका गटाचा नाही’, त्याला उमेदवारीच नाही. युरोपीय मानवाधिकार न्यायालयानं २००९ साली, एक रोमा (जिप्सी) आणि एक ज्यू नागरिक तक्रार घेऊन गेले तेव्हा, हा भेदभाव आहे असा निकाल दिला.

‘एकानं पूर्ण बदलावं, तरच घर टिकतं.’

मनापासून धर्म बदलणाऱ्यांबद्दल मला काही म्हणायचं नाही. तो त्यांचा अधिकार आहे. पण सक्तीनं एकच ओळख लादल्यानं घर टिकतं, हा दावा ऐकला की मला आयर्लंडमधलं फेथर्ड-ऑन-सी हे छोटं गाव आठवतं.

तिथे नवरा कॅथलिक, बायको प्रोटेस्टंट. कॅथलिक चर्चच्या तेव्हाच्या नियमाप्रमाणे लग्नाच्या वेळी बायकोकडून लिहून घेतलेलं की मुलं कॅथलिक म्हणून वाढतील. १९५७ साली थोरली मुलगी शाळेत घालायच्या वयाची झाली. तिला कॅथलिक शाळेतच घाला, असा पाद्र्यांचा आग्रह सुरू झाला. नवराबायकोला निवांतपणे ठरवायला उसंतच मिळाली नाही. एप्रिलमध्ये बायको दोन्ही मुलींना घेऊन निघून गेली, आधी बेलफास्टला आणि मग स्कॉटलंडच्या उत्तरेला ऑर्कनी बेटांवर. गावातल्या कॅथलिकांना वाटलं की प्रोटेस्टंटांनीच तिला फूस लावली. त्यांनी प्रोटेस्टंट शेजाऱ्यांवर बहिष्कार घातला. दुकानांत गिऱ्हाईक येईना, संगीत शिकवणाऱ्या बाईंचे विद्यार्थी तुटले. प्रकरण थेट संसदेत गेलं आणि पंतप्रधान एमन डी व्हॅलेरा यांनी, स्वतः कॅथलिक असून, हा बहिष्कार अन्यायाचा आणि क्रूर असल्याचं सांगितलं.

नवऱ्याचा या बहिष्काराला पहिल्यापासून विरोध होता. त्यानं बायकोचा माग काढला, दोघांनी समेट केला, आणि ती मुलींसह परत आली. मुलींना गावातल्या दोन्हींपैकी कुठल्याच शाळेत घातलं नाही, घरीच शिकवलं. संसार टिकला. बिशपनं माफी मागायला १९९८ साल उजाडलं. त्याआधीच, १९७० साली, पोप सहावे पॉल यांनी नियम सैल केला होता: मुलांबद्दलचं वचन फक्त कॅथलिक जोडीदारानं द्यायचं, दुसऱ्याला ते कळवायचं, त्याच्याकडून लिहून घ्यायचं नाही.

‘रक्त बदलत नाही.’

कुणाचं रक्त, हे मजकूर सांगत नाही. परंपरेनं ज्यूपण आईकडून येतं. अमेरिकेतल्या रिफॉर्म, म्हणजे सुधारणावादी, ज्यूंनी १९८३ साली ठरवलं की वडील ज्यू असले आणि मूल ज्यू म्हणून वाढलं तरी चालेल. पारशांच्या बाबतीत मुंबई उच्च न्यायालयानं १९०८ साली बापाकडून येणारं पारशीपण मान्य केलं, आईकडून येणारं नाही. व्हर्जिनियात १९२४ च्या कायद्यानं गोऱ्यांच्या रक्तात काहीही मिसळलेलं चालत नव्हतं. अपवाद एकच, सोळाव्या हिश्श्यापर्यंतचं मूलनिवासी रक्त, कारण तिथली काही बडी घराणी स्वतःला पोकाहाँटस या मूलनिवासी स्त्रीची वंशज म्हणवत. रक्त तेच, नियम माणसांनी आपल्या सोयीनं केले.

‘शेवटी अशी घरं मोडतातच.’

काही मोडतात. अमेरिकेतल्या अभ्यासांत काही प्रकारच्या जोड्यांत घटस्फोटाचं प्रमाण जास्त दिसतं, काहींत दिसत नाही. म्हणजे मिश्रण हे एकटं कारण पुरत नाही. आणि घर मोडायला हातभार कोण लावतं, हेही विचारायला हवं. लेबनॉनमध्ये नोंदणी विवाहाची सोय नसल्यानं जोडपी सायप्रसला जाऊन लग्न करतात. इंडोनेशियाच्या सर्वोच्च न्यायालयानं २०२३ साली न्यायाधीशांना परिपत्रक काढून सांगितलं की आंतरधर्मीय लग्नांच्या नोंदणीला परवानगी देऊ नका. भारतात १९५४ चा विशेष विवाह कायदा आहे, पण त्यात तीस दिवसांची जाहीर नोटीस आहे. ती बाहेर लागली की घरच्यांचा आणि तिऱ्हाइतांचाही दबाव सुरू होतो.

खरी अडचण मजकुरात नाहीच. ती मरणाच्या वेळी येते. कॅलिफोर्नियातल्या त्या घरांत शीख नवऱ्याचं दहन व्हायचं आणि बायकोचं दफन कॅथलिक दफनभूमीत. आयुष्य एकत्र काढून माती वेगळी. काहींना ते रुचलं असेल, काहींना नसेल, पण ते आधी बोलून ठरलेलं असलं तर मुलांना स्मशानात भांडावं लागत नाही. वारशाचंही तसंच. पारंपरिक मुस्लिम कायद्यात मुसलमानाचा वारसा बिगर-मुसलमान जोडीदाराला मिळत नाही. भारतात दोन वेगळ्या धर्मांच्या जोडप्यानं विशेष विवाह कायद्याखाली लग्न केलं, आणि दोघेही हिंदू, बौद्ध, जैन किंवा शीख यांपैकी नसले, तर त्यांना १९२५ चा भारतीय उत्तराधिकार कायदा लागू होतो. हे अनेक जोडप्यांना माहीतच नसतं. अशा संसाराची ज्यांना खरोखर काळजी आहे, त्यांनी तो मजकूर पुढे पाठवण्याऐवजी त्या दोघांना तीन गोष्टी विचाराव्यात: मृत्युपत्र केलं आहे का, अंत्यविधीबद्दल लिहून ठेवलं आहे का, आणि दोघांना काही झालं तर मुलं कुणाकडे जातील हे दोन्हीकडच्या आजीआजोबांना माहीत आहे का.