वरची खोली तुमची, खालची वाट सगळ्यांची

मुंबईत दादाभाई नवरोजी रस्त्याच्या कमानींखालून धड चालता येत नाही, ही तक्रार जुनी आहे आणि तिच्यावरचं भांडणही ठरलेलं आहे. एक बाजू म्हणते, फेरीवाले हटवा. दुसरी म्हणते, मग त्यांनी खायचं काय. वारसाप्रेमी मंडळी दर्शनी भागाच्या रंगाबद्दल आणि रात्रीच्या रोषणाईबद्दल बोलतात, पुनर्विकासवाल्यांना चटई क्षेत्राशिवाय दुसरं काही दिसत नाही. इटलीतल्या बोलोन्या शहरात बसून हे वाचताना एक गोष्ट सारखी खटकते. त्या कमानींखालची जागा नेमकी कुणाची, कुणासाठी आणि तिची निगा कुणी राखायची, हा प्रश्न या चौघांपैकी कुणीच विचारत नाही. बोलोन्याने तो १२८८ साली विचारला होता.

बोलोन्याचे पोर्तिको, म्हणजे रस्त्याकडेच्या घरांखालच्या खांबांच्या ओळी आणि त्यामागची छत असलेली वाट, एकूण सुमारे ६२ किलोमीटर भरतात. त्यांतला निम्म्याहून जास्त भाग जुन्या शहरात आहे. २०२१ मध्ये युनेस्कोने त्यातले १२ भाग जागतिक वारसा यादीत घेतले. आपल्याकडच्या माणसाला समजावायचं तर देवळाभोवतीची ओवरी डोळ्यांसमोर आणावी आणि ती सरळ करून अख्ख्या गावभर फिरवावी.

याची सुरुवात अजिबात भव्य नव्हती. विद्यापीठामुळे शहरात माणसं वाढली, खोल्या कमी पडल्या. घरमालकांनी वरच्या मजल्याच्या तुळया रस्त्यावर बाहेर काढल्या आणि त्यांवर खोल्या बांधल्या. तुळई फार बाहेर आली की वाकते, म्हणून तिच्या टोकाखाली लाकडी खांब आले. आपल्या भाषेत हे सरळसरळ अतिक्रमण. युरोपातल्या अनेक शहरांनी असले सज्जे पुढे पाडून टाकले. बोलोन्याच्या नगरसभेने १२८८ च्या नियमांत उलट वाट धरली: नवं घर बांधाल तर पोर्तिको असलाच पाहिजे, जुन्या घराला नसेल तर जोडा. उंची किमान ७ बोलोन्यी फूट. तिथला फूट ३८ सेंटिमीटरचा, म्हणजे २.६६ मीटर. घोड्यावर बसलेल्या माणसाचं डोकं आपटू नये म्हणून हे माप, असं सांगतात. जमीन मालकाची, बांधायचा खर्च मालकाचा, वावर मात्र सगळ्यांचा.

सौदा असा होता. मालकाला वर एक जादा खोली मिळाली आणि शहराने तिची किंमत रोख न घेता ठरावीक मापाच्या वाटेच्या रूपाने घेतली. महाराष्ट्रात २००१ चा गुंठेवारी कायदा असो की नंतरच्या नियमितीकरणाच्या योजना, आपण शुल्क घेतो, शिक्का मारतो आणि फाइल बंद करतो. तो पैसा पालिकेच्या तिजोरीत कुठे मुरतो ते रस्त्यावरच्या माणसाला कधी कळत नाही. वाट मात्र मुरत नाही. तीनेकशे वर्षांनी, १५६८ मध्ये, पोपच्या राजवटीतल्या इथल्या कारभाऱ्यांनी लाकडी खांब काढून विटेचे वा दगडाचे करण्याचा हुकूम काढला, तेव्हा खांब बदलले आणि वाट तिथेच राहिली. स्त्रादा माज्जोरेवरच्या कासा इझोलानीत मात्र ओकचे सुमारे ९ मीटर उंचीचे खांब अजून उभे आहेत. ते पाहताना वाड्यातला सागवानी खांब आणि त्याखालचा दगडी तळखडा आठवल्याशिवाय राहत नाही. लाकूड ओलीपासून उचलून धरायचं, ही अक्कल दोन्हीकडच्या सुतारांना सारखीच होती.

नियम सगळीकडे पाळला गेला असं नाही. व्हिया सेन्झानोमे, म्हणजे ‘बिननावाची गल्ली’, तिथला पोर्तिको जेमतेम ९५ सेंटिमीटर रुंद आहे. समोरून छत्रीवाला आला तर एकाने रस्त्यावर उतरावं लागतं.

अभिजात खांबशास्त्राचं नाव निघालं की या शहरात विन्योला हा सोळाव्या शतकातला वास्तुकार आठवतो. पियाझ्झा माज्जोरे या मुख्य चौकाच्या एका बाजूला मध्ययुगीन दुकानांची वेडीवाकडी रांग होती. त्याने १५६५ ते १५६८ मध्ये तिच्यापुढे एकसंध दर्शनी भाग उभा केला, आणि मागच्या गल्ल्या बंद करण्याऐवजी त्यांच्या तोंडाशी उंच कमानी ठेवल्या. त्याच्या १५६२ च्या ग्रंथातलं गणित गवंड्यालाही दोरी घेऊन करता येईल इतकं सोपं आहे. एकूण उंचीचे १९ भाग करा: ४ भाग चौथऱ्याला, १२ खांबाला, ३ वरच्या आडव्या पट्ट्याला. समजा एकूण उंची ५.७० मीटर आहे. एक भाग ३० सेंटिमीटरचा, खांब ३.६० मीटरचा. खांबांच्या शैलींपैकी डोरिक खांब व्यासाच्या ८ पट उंच असतो, म्हणून व्यास ४५ सेंटिमीटर. आयोनिकला ९ पट, म्हणजे व्यास ४०. कोरिंथियनला १० पट, म्हणजे ३६. मुंबईत टाउन हॉलच्या (आजची एशियाटिक सोसायटी) पायऱ्यांवर उभं राहून वर पाहिलं तर याच घराण्यातले डोरिक खांब दिसतात. इंग्लंडहून आलेले खांब अवाढव्य निघाले, म्हणून त्यातले काही भायखळ्याच्या चर्चला देऊन टाकले, अशी आख्यायिका आहे. गणित कागदावर सोपं असतं, जहाजातून आलेल्या दगडाशी जुळवणं अवघड.

बोलोन्याचे बहुतेक खांब दगडाचे नाहीतच. जवळपास चांगला दगड मिळत नाही, म्हणून विटा. गोलाई दिलेल्या खास विटा चुन्यात बसवायच्या, मग पृष्ठभाग पाणी आणि पातळ चुना लावत दुसऱ्या विटेने घासायचा. घासताना निघालेली विटेची पूड चुन्यात मिसळते आणि खांबावर कातडीसारखा पातळ लाल थर बसतो. याला इथे साग्रामातुरा म्हणतात. आपल्याकडे चुन्यात सुरखी, म्हणजे विटेची भुकटी, घालत, त्याचाच हा भाऊबंद. थर जाड गिलाव्यासारखा नसतो, त्यामुळे आतली ओल बाहेर पडू शकते.

बिघाड होतो तो नेहमी तळाशी. जमिनीतली ओल विटेतून वर चढते, सोबत क्षार आणते. हिवाळ्यात रस्त्यावरचा बर्फ वितळवायला टाकलेलं मीठ त्यात भर घालतं. पाणी सुकतं, क्षाराचे स्फटिक विटेच्या छिद्रांत फुगतात आणि विटेचा चेहरा पापुद्र्यासारखा गळतो. आपण म्हणतो, भिंतीला लोणा लागला. विसाव्या शतकात इथेही लोकांनी यावर सिमेंटचा गिलावा चढवला. दिसायला खांब ठणठणीत झाला, पण सिमेंटमधून ओल निघेना. ती आणखी वर चढली आणि गिलावा जिथे संपतो तिथे लोणा नव्याने फुटला. अर्धा मीटर खराब होता तो दीड मीटर झाला.

नीट दुरुस्तीचा क्रम असा. आधी खांबाच्या दोन्ही बाजूंच्या कमानींखाली लाकडी साचे आणि टेकू, म्हणजे भार खांबावरून उतरतो. मग सिमेंट छिन्नीने, हाताने काढायचं. यंत्र लावलं तर वीटही जाते. कागदाचा लगदा शुद्ध पाण्यात भिजवून खांबाला थापायचा आणि सुकू द्यायचा. सुकताना तो क्षार ओढून घेतो. हे एकदा करून भागत नाही, लगद्यात क्षार उतरायचे थांबेपर्यंत पुन्हा पुन्हा करावं लागतं. ठेकेदार घाई करतो ती इथेच, आणि काम दोन वर्षांत उखडतं तेही याचमुळे. मग कुजलेल्या विटा एकेक काढून तिथे नवी बसवायची, एका वेळी थोड्याच. विटांमधल्या फटी, म्हणजे दर्जा, दोन-तीन सेंटिमीटर खोल कोरून चुन्याने भरायच्या, साधारण एक भाग चुना आणि तीन भाग वाळू. पारा ५ अंशांखाली गेला की काम बंद, कारण चुना नीट जमत नाही.

कमानींच्या बुडाशी खांबापासून घराच्या भिंतीपर्यंत गेलेल्या लोखंडी कांबी पर्यटकांना कुरूप वाटतात. कमान बाजूला रेटा देते, बारीक खांब तो एकटा पेलू शकत नाही. कांब त्याला भिंतीशी बांधून ठेवते. कांबीचं टोक दगडात गंजलं तर फुगतं आणि खांबाचा माथा चिरतो. म्हणून तपासणीत आधी कांबीची टोकं पाहायची, नक्षी मागाहून.

तळाकडे दुर्लक्ष केल्याचा मोठा धडा शहराच्या मधोमध उभा आहे. गारिसेंदा या ४८ मीटरच्या कलत्या मनोऱ्याभोवतीची जागा ऑक्टोबर २०२३ मध्ये बंद करावी लागली. मनोऱ्याचा तळ सेलेनाइटचा, म्हणजे जिप्समच्या स्फटिकी दगडाचा आहे, आणि ओलीने व जुन्या आगींनी तो दगड आतून कमजोर झाला आहे. वारशाचा दर्जा, पैसा, विद्यापीठ, सगळं हाताशी असलेल्या शहराची ही अवस्था. तेव्हा ‘तिकडे बघा कसं जपतात’ हे वाक्य जरा बेतानेच वापरावं. पोर्तिकोंच्या भिंती आणि खांब रंगाच्या फवाऱ्याने केलेल्या खरडीने भरलेले आहेत, काही रस्त्यांवर मोर्तादेल्ला या डुकराच्या मांसाच्या सॉसेजची थाळी विकणाऱ्यांच्या टेबलांमधून अंग चोरून जावं लागतं, आणि संगमरवरी चिपांची घोटलेली फरशी पावसात कुणी चिखलाचे बूट घेऊन आला की साबणासारखी निसरडी होते.

तरी एक फरक उरतोच. खांब, छत, फरशी यांची डागडुजी कुणी करायची यावर इथे वाद होत नाही. जागा खाजगी आहे, तिच्यावर सार्वजनिक वहिवाटीचा हक्क आहे, आणि दुरुस्ती मालकांनी करायची. इमारतीत अनेक मालक असतील तर प्रत्येक घराचा वाटा हजारांश हिशोबात लिहिलेला असतो; ७५ हजारांश असेल तर लाख युरोच्या कामात साडेसात हजार तुमचे. टेबलं मांडायची तर खाजगी जमीन असली तरी पालिकेचा परवाना आणि जागेचं शुल्क. मुंबईतल्या जुन्या भाडेकरू इमारतीत मालकाला गोठलेल्या भाड्यात दुरुस्ती परवडत नाही, भाडेकरू ‘माझी नाही’ म्हणतो, म्हाडाचं दुरुस्ती मंडळ उपकर घेऊन सिमेंट थापतं. कमानीखालची जागा मग ज्याने आधी गाठली त्याची होते. फेरीवाला तिथे शेवटी पोचतो. त्याच्याआधी दुकानाची वाढवलेली पायरी, शटरची पेटी, वीजमीटरचं कपाट आणि जनरेटर आलेला असतो.

‘त्यांच्याकडे पैसा आहे’ हे उत्तर अर्धंच खरं. सान लूकाचा पोर्तिको शहराच्या वेशीपासून टेकडीवरच्या देवळापर्यंत जवळजवळ ३.८ किलोमीटर जातो, ६६६ कमानींचा. त्याचं काम १६७४ मध्ये सुरू झालं आणि ते लोकांच्या, पंचमंडळांच्या वर्गणीतून दशकानुदशकं चाललं. आपल्याकडे पायऱ्या आणि दीपमाळा अशाच झाल्या. उलट सरकारने पैसा सढळ सोडला तेव्हा काय झालं तेही पाहावं: २०२०-२१ मध्ये इटलीने दर्शनी भागाच्या कामावर ९० टक्के करसवलत दिली. परांच्या मिळेनाशा झाल्या, दर फुगले, खोटे दावे झाले, २०२२ मध्ये सवलत ६० टक्क्यांवर आली आणि मग बंद.

मला बोलोन्याकडून घेण्यासारखी वाटते ती गोष्ट वेगळीच आहे. १९७३ च्या योजनेत नगररचनाकार चेर्वेल्लाती आणि तेव्हाच्या डाव्या नगरपालिकेने जुन्या शहरातल्या मोडक्या घरांच्या दुरुस्तीला सामाजिक घरबांधणीचा निधी लावला. सान लिओनार्दो, सोल्फेरिनो अशा वस्त्या निवडल्या. सक्तीने घरं ताब्यात घेण्याचा मूळ बेत विरोधामुळे सोडावा लागला आणि मालकांशी करार करण्यावर भागवावं लागलं. पण रिकाम्या जागांवर त्याच वस्तीत तात्पुरती घरं बांधली. काम चालू असताना कुटुंबं तिथे राहिली आणि मग परतली. संक्रमण शिबिरात जन्मून तिथेच म्हातारी झालेली माणसं मुंबईत आहेत. हे वाक्य बोलोन्यातल्या कुणाला सांगितलं तर आधी भाषांतर चुकलं असं वाटतं.

दादाभाई नवरोजी रस्ता, म्हणजे तेव्हाचा हॉर्नबी रोड, हादेखील असाच सौदा होता. १८९६ च्या नियमांनी तिथल्या इमारतींना तळमजल्यावर सलग कमानीची वाट सोडायला लावली. वर्षाला दोन हजार मिलीमीटरहून जास्त पाऊस पडणाऱ्या शहरात ती वाट बोलोन्यापेक्षा जास्त गरजेची आहे. तिथल्या नामफलकांना शिस्त लावण्याचं काम पूर्वी झालं आहे, त्याची युनेस्कोने दखलही घेतली. आता खालून सुरुवात व्हावी. खणागणिक मोजणी करावी: दोन खांबांमधल्या प्रत्येक खणात मोकळी रुंदी किती, त्यात कायमचं बांधकाम कुणाचं, पावसाचं पाणी कुठल्या पन्हळीने उतरतं आणि ती पन्हळ तुंबलेली आहे का. तिथला मालाडचा दगड कठीण आहे, पण नक्षीचा पोरबंदरचा दगड मऊ. त्याच्या दर्जांत भरलेलं सिमेंट आणि वर फासलेला तैलरंग आधी उतरवावा लागेल. फेरीवाल्यांच्या जागा २०१४ च्या कायद्याप्रमाणे ठरवताना हाच खणांचा नकाशा पुढे ठेवावा. आणि चुन्याचं काम पाऊस संपल्यावर, नोव्हेंबरात सुरू करावं. मेमध्ये काढलेली निविदा जूनच्या पहिल्या सरीत वाहून जाते.