दर किलोमीटरमागे मोजा, पण काय मोजताय तेही सांगा

'घाटवाट', नमस्कार.

बायका पुरुषांपेक्षा सुरक्षित गाडी चालवतात, या माझ्या म्हणण्यावरची तुमची प्रतिक्रिया झोंबली, पण निम्मी पटलीसुद्धा, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

तुमचं म्हणणं थोडक्यात असं: रस्त्यावर मरणाऱ्यांत पुरुष जास्त, कारण गाड्या चालवणारेच पुरुष जास्त. दर किलोमीटरमागे हिशेब केला तर बायकाच जास्त ठोकतात. दोन्ही पाय जमिनीला घासत स्कूटी थांबवणारी बाई रोज दिसते, तिला सुरक्षित म्हणणं ही आकड्यांची हातचलाखी आहे. आणि शेवटचा टोला: बायका एवढ्या चांगल्या चालवत असतील तर विमा कंपन्या त्यांना सूट का देत नाहीत?

पहिला मुद्दा रास्तच. आपल्याकडे रस्ते अपघातांत जीव गमावणाऱ्यांत पुरुष ८५ टक्क्यांच्या आसपास असतात आणि लायसन्सधारकांत दहात एकही बाई नसते. शिवाय मृतांमध्ये पादचारी येतात, मागे बसलेले येतात, ट्रकखाली सापडलेले सायकलवाले येतात. या ८५ टक्क्यांवरून गाडी कोण कशी चालवतं हे काढताच येत नाही.

म्हणून जिथे अंतराचाही हिशेब ठेवतात तिथे जाऊ. अमेरिकेतल्या १९९० च्या आकड्यांवरून मॅसी, कॅम्पबेल आणि विल्यम्स यांनी नेमकं हेच तपासलं आणि १९९५ मध्ये मांडलं. दर मैलामागे पोलिसांत नोंदलेले एकूण अपघात बायकांचे जास्त निघाले, दुखापतीचेही. तुम्ही इथे थांबलात. जीवघेणे अपघात मात्र दर मैलामागेही पुरुषांचेच जास्त होते. भागाकार तोच, उत्तरं दोन.

एकूण अपघातांच्या आकड्यात आणखी एक गोम आहे. जो कमी गाडी चालवतो त्याचं बरंचसं चालवणं गावातच होतं: सिग्नल, शाळेचं गेट, मंडई, पार्किंगमधला रिव्हर्स. मुंबई-पुणे एक्सप्रेसवेवर सुमारे ९४ किलोमीटर एकही सिग्नल लागत नाही. तेवढेच किलोमीटर लक्ष्मी रोडवर काढून बघा, बंपर शाबूत राहिला तर कळवा. दोन्ही किलोमीटर एकाच मापाने मोजले की कमी गाडी चालवणारा कोणीही, पुरुषसुद्धा, वाईट चालक दिसतो.

आता स्कूटीवरचे ते दोन पाय. मँचेस्टरच्या जेम्स रीझन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९० मध्ये ५२० चालकांना प्रश्न विचारून चालकांच्या चुकांची वर्गवारी केली. विसरणं, गोंधळणं, भलतंच बटण दाबणं हे एकीकडे. मुद्दाम वेग वाढवणं, पुढच्याच्या अंगावर गाडी घालणं, असं जाणूनबुजून नियम मोडणं दुसरीकडे. पुरुषांनी, सगळ्याच वयांत, दुसऱ्या प्रकारचं वागणं जास्त कबूल केलं. बायकांनी निरुपद्रवी विसरभोळेपणा. संशोधकांनी तिथेच कंसात शेरा मारलाय: किंवा त्या जास्त प्रामाणिक असाव्यात. (हा शेरा माझा नाही हो.) पाय घासत थांबणारी बाई तुम्हाला वैताग आणते हे खरं, पण पंचनाम्याची वेळ बहुतेकदा वेग, दारू आणि नसलेलं हेल्मेट आणतं.

'पण हात पुरुषाचाच बसलेला असतो,' असं तुम्ही म्हणाल. असेलही. नॉर्वेमध्ये १९७९ पासून नव्या चालकांना निसरड्या रस्त्यावर गाडी सांभाळायचं प्रशिक्षण सक्तीचं झालं. १९८८ च्या मूल्यमापनात तरुण पुरुषांचे निसरड्या रस्त्यावरचे अपघात कमी होण्याऐवजी वाढलेले दिसले. हात बसला तसा भरवसा वाढला, आणि भरवशाबरोबर वेग, असं त्याचं स्पष्टीकरण दिलं जातं.

उलट बाजूचाही एक प्रयोग सांगते. ऑस्ट्रेलियात यंग आणि फॉन हिप्पल यांनी (२००८) सिम्युलेटरवर बसलेल्या काही बायकांना आधीच सांगितलं, की पुरुष चांगली गाडी का चालवतात हे आम्ही शोधतोय. मध्येच रस्ता ओलांडणाऱ्या माणसाला धडकण्याचं त्यांचं प्रमाण, असं काहीच न ऐकलेल्या बायकांच्या दुपटीहून जास्त निघालं. तेव्हा मिसेस घाटवाट स्टिअरिंगवर असतील तेव्हा शेजारी बसून सूचना देऊ नका, एवढी विनंती.

राहिला विमा. युरोपात अशी सूट होती. बायकांना, विशेषतः तरुण मुलींना, हप्ता कमी पडायचा, कारण कंपन्यांना तरुण मुलांचे क्लेम महाग पडत. १ मार्च २०११ ला युरोपीय न्यायालयाने समानतेच्या तत्त्वावर निकाल दिला आणि २१ डिसेंबर २०१२ पासून नव्या पॉलिसींसाठी स्त्री-पुरुष भेद करून हप्ता ठरवणं बंद झालं. कंपन्यांनी ती सूट आपणहून सोडलेली नाही. आपल्याकडे कारचा थर्ड पार्टी हप्ता इंजिनाच्या सीसीवर ठरतो, चालवणाऱ्यावर नाही. त्यामुळे इथे सूट नाही यावरून ना तुमचं म्हणणं सिद्ध होतं, ना माझं.