रविवार, तिथी आणि सुरमई

“अलिबागला जायला काय डोकं लागतं रे?” असं सुन्या म्हणाला आणि शिवाजी पार्कच्या कट्ट्यावर आमचा पुढचा दीड तास त्यावरच गेला.

विषय तसा साधा होता. संक्रांत नुकतीच झालेली, हवेत जरा गारवा. मुंबईतला गारवा किती दिवसांचा पाहुणा असतो ते सगळ्यांना ठाऊक, म्हणून एक दिवस सकाळी निघून रात्री घरी, असं कुठेतरी जाऊ या असं ठरत होतं. मुक्काम नाही. मुक्काम म्हटला की आमच्यातले दोघे घरच्या परवानगीअभावी गळतात. माथेरान गेल्या वर्षी झालं. लोणावळ्याचं नाव काढलं की वीणा उठून जाते. उरलं अलिबाग, आणि अलिबागेत समुद्रातला कुलाबा किल्ला, ओहोटीत चालत जाऊन बघायचा.

“गाडी काढतो,” सुन्या म्हणाला. “अटल सेतू आहे की आता. पावणेबावीस किलोमीटर, वीस मिनिटांत पलीकडे.”

“पलीकडे म्हणजे चिर्ल्याला,” बँक म्हणाला. (याचं खरं नाव अरुण, पण बँकेत आहे आणि हॉटेलचं बिल आलं की पहिला तोच उचलून तपासतो, म्हणून बँक.) “पुढे पेण आहे, वडखळ आहे. रविवारी सकाळी वडखळला अख्खी मुंबई भेटते. टोल एकेरी अडीचशे, जाऊन-येऊन घेतलास तर पावणेचारशे. पेट्रोल वेगळं. आणि तू चालवणार, म्हणजे दिवसभर तुझं तोंड वाकडं.”

“मग कशानं? होडीनं?”

“लाँचनं. गेटवेहून मांडवा, तासाभरात. तिकिटातच पुढची अलिबागची बस धरलेली असते. बसायला खिडकी, बघायला नौदलाच्या बोटी, घारापुरी, आणि माघार घ्यायला वाव नाही.”

इथे मी बँकेच्या बाजूचा आहे हे सांगून टाकतो. गाडीनं गेलं की अलिबाग हे एक ठिकाण असतं, लाँचनं गेलं की घराबाहेर पडल्यापासून सहल सुरू होते. थंडीत तर लाँचच्या मागे कुरव पक्ष्यांचा थवाच्या थवा लागतो. लोक त्यांना कुरकुरे खायला घालतात तेवढा भाग डोळ्याआड करायचा. पावसाळ्यात ही लाँच बंद असते, तेव्हा भाऊच्या धक्क्यावरून रो-रो धरावी लागते. ती गाड्याही पोटात घेते. सुन्यानं हे ऐकल्यावर त्याचा चेहरा उजळला. “मग गाडी रो-रोत घालू!” यावर कोणी उत्तर दिलं नाही.

पेंडसेकाका आतापर्यंत गप्प होते. काका चौऱ्याहत्तरचे, रोज सकाळी पार्काला पाच फेऱ्या. त्यांचं मत असं की एवढी डोकेफोड करण्यापेक्षा दादरहून कुठल्यातरी सहलवाल्याची बस धरावी. नाश्ता, जेवण, गाइड, सगळं एका पैशात.

“काका, गाइड काय सांगणार?” वीणा म्हणाली. ती शाळेत भूगोल शिकवते आणि कट्ट्यावरही सवय सुटत नाही. “किल्ला शिवाजी महाराजांनी 1680 मध्ये बांधायला घेतला, महाराज त्याच वर्षी गेले, संभाजी महाराजांनी पुरा केला. पुढे कान्होजी आंग्र्यांचं ठाणं. एवढं तुम्हीच सांगाल.”

“एवढं मी सांगेन. पण परतायची वेळ मी नाही ना सांगू शकत,” काका म्हणाले.

आणि इथे नाखवा जागा झाला. नाखव्याचं आजोळ अलिबागजवळच्या थळचं, मामाची अजून होडी आहे. आम्ही त्याला नाखवा म्हणतो, आणि तो बोरिवलीत कॉम्प्युटर दुरुस्त करतो.

“काका बरोबर बोलले. तुम्ही सगळे जायचं कसं त्यावर भांडताय. किल्ल्यात शिरायचं कधी, ते कोण ठरवणार? तुमचा रविवार? दर्या ठरवणार.”

कोणाकडे कालनिर्णय आहे का असं त्यानं विचारलं. भिंतीवरचं कोण घेऊन फिरतं? वीणानं फोनमध्ये उघडलं.

“1 फेब्रुवारी, रविवार. तिथी काय?”

“पौर्णिमा. माघी.”

“पंधरा. पंधराला पाऊणने गुण.”

“सव्वाअकरा.”

“झालं. सव्वाअकरा-बाराच्या दरम्यान पूर्ण भरती. पौर्णिमेचं उधाण. तुम्ही नऊ-दहाला अलिबागला उतरणार आणि किल्ल्यापुढे उभे राहून फोटो काढणार. वाट पाण्याखाली. सुकती, म्हणजे ओहोटी, संध्याकाळी सहाच्या सुमाराला, तेव्हा तुमची शेवटची लाँच सुटत असेल.”

सुन्यानं आवंढा गिळला. हा हिशोब त्याला नवा होता, आणि खरं सांगायचं तर बँकेलाही. किनाऱ्यावरच्या माणसांना तो तोंडपाठ असतो. तिथीचा पाऊणपट केला की भरतीची वेळ तासांत मिळते, त्यात सव्वासहा तास मिळवले की ओहोटी. वद्य पक्षात पुन्हा एकपासून मोजायचं. वीणानं लगेच शास्त्र काढलं: चंद्र रोज साधारण पन्नास मिनिटं उशिरा माथ्यावर येतो, म्हणून भरतीही तेवढी सरकते, आणि तोंडी हिशोबाला तिथीमागे ढोबळ पाऊण तास धरायचा. “पण हे मुंबईच्या आसपासचं गणित आहे हं, गुजरातेत चालणार नाही. आणि इथेही अर्धा-पाऊण तास इकडेतिकडे होतो. तक्ता बघावाच.” तिनं तक्ता उघडला. पौर्णिमेची भरती बाराच्या आसपासच निघाली. नाखव्यानं तिच्याकडे अशा नजरेनं पाहिलं की जणू चंद्र त्याच्या मामाच्या घरचाच आहे.

“मग पुढचा रविवार,” बँक म्हणाला. “8 तारीख.”

“वद्य सप्तमी. सात गुणिले पाऊण, सव्वापाच.”

“म्हणजे ओहोटी साडेअकराला! मस्त! भर दुपारी चालत जाऊ!”

“थांब. सप्तमी-अष्टमीला भांग असतो. भरती मोठी नाही तशी सुकतीही मोठी नाही. वाट उघडी पडेलच असं नाही, गुडघाभर पाणी राहू शकतं. दगड शेवाळलेले. काका, गुडघे कसे आहेत?”

काका गुडघ्यांबद्दल बोलायला लागले की वीस मिनिटं जातात, म्हणून सुन्या मध्ये पडला. “घोडागाडी असते की!”

“असते. त्यात बसून येशील, किल्ला बघितला म्हणून सांगशील.”

यातली गंमत मला तेव्हा कळली. रविवार दर सात दिवसांनी येतो, आणि सात दिवसांत समुद्र उधाणावरून भांगावर जातो. म्हणजे एक रविवार भर दुपारी भरतीचा, पुढचा कोमट ओहोटीचा, त्याच्या पुढचा पुन्हा भरतीचा. पक्ष पंधरा तिथींचा आणि आठवडे दोन, म्हणून हळूहळू सरकत जातं एवढाच दिलासा. आपली सुट्टी वारावर आणि दर्याची तिथीवर, दोघांचं जमवायचं म्हणजे लग्नाचा मुहूर्त काढण्यासारखं.

माझंही एक पाप सांगतो. वीसेक वर्षांपूर्वी मी एका मित्राबरोबर असाच काही न बघता गेलो होतो. वाट कोरडी दिसली, आत शिरलो. गणपतीच्या देवळासमोर पोखरणीच्या कडेला बसलो. चारही बाजूंनी खारं पाणी आणि आत गोड्या पाण्याचं तळं, हे बघत बसलं की वेळ कुठे जातो कळत नाही. बाहेर आलो तर वाट गायब. पुढे होडी मिळेपर्यंत एक ग्लुकोज बिस्किटांचा पुडा दोघांत. तेव्हा वेळ भरपूर मिळाला म्हणून तटाचे दगड नीट पाहिले. मोठाले चिरे नुसते एकावर एक ठेवलेत, मध्ये चुना नाही. लाटेचं पाणी फटींतून आत शिरतं आणि तिचा जोर जिरतो. बंद भिंत असती तर दर्यानं कधीच पाडली असती. हे मला तेव्हा कोणी गाइडनं सांगितलं नव्हतं, बाहेर पडता येत नव्हतं म्हणून दिसलं.

“तिथे चाकांच्या तोफा आहेत ना? आंग्र्यांच्या?” सुन्यानं विचारलं.

“आंग्र्यांच्या म्हणून लोक फोटो काढतात,” काकांना सूर सापडला. “त्या इंग्लंडात ओतलेल्या. 1849 सालच्या. कान्होजी गेले 1729 ला. एकशेवीस वर्षांचा फरक आहे महाराजा! कान्होजींना भेटायचं तर गावात त्यांची समाधी आहे, तिथे जा. तिथे भरती-ओहोटी नाही.”

“तो किल्ला युनेस्कोच्या यादीत आला ना 2025 च्या जुलैत?” बँक.

“खांदेरी आला. बारा किल्ल्यांत आपला अलिबागचा नाही,” नाखवा म्हणाला. त्याच्या आवाजात थोडा राग होता, पण खांदेरी थळसमोरच असल्यामुळे फार नाही.

“जाऊ दे. अलिबागसे आया है क्या म्हणतात ते उगाच नाही,” सुन्या म्हणाला.

ही चूक होती. नाखवा दहा मिनिटं बोलला. त्या वाक्याविरुद्ध कोणीतरी हायकोर्टात गेलं होतं, कोर्टानं 2019 मध्ये याचिका फेटाळली, असे विनोद सगळ्याच समाजांवर होतात म्हणून, वगैरे वगैरे. वीणानं त्याला थंड करायला वेधशाळेचा विषय काढला. मुंबईच्या कुलाब्यात चुंबकीय वेधशाळा होती. शहरात विजेच्या ट्राम येणार असं दिसल्यावर सुया बिघडतील म्हणून 1904 साली ती अलिबागला हलवली. ट्राम आली, धावली, बंदही पडली, वेधशाळा अजून किनाऱ्याजवळ आहे. “म्हणजे मुंबईच्या कटकटीला कंटाळून अलिबागला जाणारं पहिलं सरकारी खातं,” बँक म्हणाला. इतक्या वर्षांत बँकेनं केलेला हा बहुधा पहिलाच विनोद.

“31 जानेवारी बघ, शनिवार,” मी म्हटलं.

“चतुर्दशी. चौदा गुणिले पाऊण, साडेदहा. ओहोटी पावणेपाचला. उधाणाची, म्हणजे पाणी लांब जाणार. अडीच-तीनपासून वाट मोकळी. जमतंय!”

“तो पाचवा शनिवार आहे,” बँक म्हणाला. “आम्हाला दुसरा आणि चौथा सुट्टी. पाचव्याला बँक चालू.”

“रजा टाक.”

“महिनाअखेर!”

शांतता पसरली. चहावाल्यानं दुसऱ्यांदा कटिंग आणली. मग वीणा म्हणाली, “15 फेब्रुवारी. रविवार. त्रयोदशी. तेरा गुणिले पाऊण, पावणेदहा. ओहोटी चारला.”

नाखवा उठून उभा राहिला. सकाळची लाँच, दहाला अलिबाग. तेव्हा भरती, किल्ल्याला पाण्यानं वेढलेलं किनाऱ्यावरून बघायचं. मग समाधी, बाजार, पांढरा कांदा आला असेल तर माळा. जेवण. दोनला किनाऱ्यावर, पाणी हटेल तसं मागोमाग आत. साडेतीनला बाहेर, चारची वाट बघत बसायचं नाही. लाँच चुकलीच तर एसटीनं पनवेल आणि पुढे लोकल. इतका बिनचूक बेत आमच्या कट्ट्यावर आजवर झाला नव्हता. सुन्यानंसुद्धा गाडीचं नाव काढलं नाही.

“15 ला महाशिवरात्र आहे,” काका शांतपणे म्हणाले.

“मग काय झालं?” नाखवा म्हणाला. “किल्ल्यात महादेवाचंही देऊळ आहे. दर्शन होईल.”

“दर्शन होईल. माझा उपास आहे. अरुणचा आहे. तुझ्या आईनं तुला विचारलं तर तुझाही आहे. अलिबागला जायचं आणि साबुदाण्याची खिचडी खायची?”

हा मुद्दा कोणाच्याच डोक्यात आला नव्हता. सुन्या म्हणाला आपण उपास करत नाही. वीणा म्हणाली समोर तिघे रताळं खात असताना तू सुरमई खाणार का? सुन्या म्हणाला खाणार. काका म्हणाले मग एका टेबलावर नको. बँक म्हणाला 8 तारीखच बरी, गुडघाभर पाण्यानं कोणी मरत नाही. काका म्हणाले गुडघे कोणाचे? 31 ला जाऊ असं मी म्हणालो, तर शनिवारी मासे न खाणारा सुन्याच निघाला, मारुतीचा वार म्हणून. महाशिवरात्रीला चालतात, शनिवारी नाही. याचं शास्त्र वीणालाही सांगता आलं नाही.

शेवटी नाखव्यानं स्पीकर लावून मामाला फोन केला.

“मामा, पंधराला सुकती किती वाजता?”

“चारला,” पलीकडून लगेच आलं. “पण त्या दिवशी कशाला येताय? मासळी खायला कोण नसेल.”