शेवटून दुसरी खुर्ची

स्वतंत्र विचार करावा, असं सगळेच म्हणतात. आमचे आण्णा जरा जास्तच म्हणतात. आण्णा म्हणजे माझे थोरले साडू. रिटायर झाल्यापासून ते रोज पहाटे पार्कवर चकरा मारतात आणि घरी येताना एखादा विचार घेऊन येतात. "मेंढरागत खाली मान घालून एकामागं एक जाऊ नये," हा त्यांचा ठेवणीतला. तो त्यांनी सांगितला की घरातले सगळे माना डोलावतात. एकामागं एक.

मला विचाराल तर या गुणाची परीक्षा फार स्वस्तात होते. घरची दहा-बारा माणसं घेऊन रविवारी रात्री होटगी रोडवरच्या एखाद्या हॉटेलात जावं आणि वेटर वही काढतो तेव्हा आपल्या तोंडून काय बाहेर पडतं ते ऐकावं.

परवा असेच गेलो. गाडी चार पुतळ्यांवरून गेली तेव्हा आण्णांनी नातवाला खिडकीतून दाखवलं: मल्लप्पा धनशेट्टी, कुर्बान हुसेन, श्रीकिसन सारडा, जगन्नाथ शिंदे. १९३० च्या मे महिन्यात सोलापूर पेटलं, इंग्रजांना मार्शल लॉ लावावा लागला, आणि १२ जानेवारी १९३१ ला येरवड्यात हे चौघं फासावर गेले. "आपलं गाव कुणापुढं वाकत नाही बे," असं आण्णा म्हणेपर्यंत हॉटेल आलं.

बसायची पद्धत ठरलेली. थोरले जावई म्हणून आण्णा टेबलाच्या शेंड्याला, शेजारी मामी म्हणजे माझ्या सासूबाई, आणि मग मानाप्रमाणं उतरत उतरत मी शेवटून दुसरा. माझ्या पलीकडं फक्त आण्णांचा नातू, तोही मोबाईलमध्ये.

आण्णांनी मेनूकार्ड न उघडताच सांगितलं, "पनीर बटर मसाला." मामींना लोण्याचा नुसता वास आला तरी मळमळतं. त्या म्हणाल्या, "मला काय, कायबी चालतंय. तेच सांगा." मेव्हणी म्हणाली, "तेच." बायको म्हणाली, "सगळे तेच घेऊलालेत, मग वेगळं कशाला?" वेटरनं लिहिणं सोडून नुसत्या रेघा मारायला सुरुवात केली.

रेघा बघितल्या की मला सॉलोमन ॲश आठवतात. १९५१ च्या सुमारास या मानसशास्त्रज्ञानं अमेरिकेत एक प्रयोग केला. खोलीत काही जण ओळीनं बसवायचे. एका कार्डावर एक रेघ, दुसऱ्यावर तीन; पहिलीएवढी लांब कुठली ते एकेकानं मोठ्यानं सांगायचं. शेंबड्या पोरालाही कळावं इतकं सोपं. पण बाकीचे सगळे ॲशना सामील. ते ठरवून, एका सुरात, चुकीची रेघ सांगायचे. खराखुरा माणूस एकच, आणि त्याला बसवायचे शेवटून दुसरा. (माझीच खुर्ची! सासुरवाडीला हे आधीपासून ठाऊक असावं.) अशा माणसांपैकी चारांतल्या तिघांनी निदान एकदा तरी डोळ्यांदेखत खोट्या रेघेला 'हीच' म्हटलं. एकट्याला विचारलं तर जवळजवळ कुणीच चुकत नव्हतं. तिथं निदान पट्टी लावून रेघ मोजता तरी आली असती. भूक कशानं मोजायची?

माझ्या आधी मेव्हण्याचा नंबर. तो पुण्यात असतो. त्यानं विचारलं, "पनीर कितीजणांनी घेतलं? सगळ्यांनी? मग मला मशरूम." मशरूम त्याला आवडत नाही, हे त्याच्या लग्नापासून मला माहीत आहे. आण्णांनी मात्र टेबलावर थाप मारली. "याला म्हणतात स्वतंत्र विचार!"

या जमातीवरही अभ्यास झालाय बरं का. डॅन एरिएली आणि जोनाथन लेवाव यांनी २००० साली याच विषयावर शोधनिबंध लिहिला. अमेरिकेतल्या बिअरच्या दुकानात एकत्र बसलेली माणसं मोठ्यानं ऑर्डर देताना आधीच्यानं मागितलेली बिअर टाळतात, आपण वेगळे दिसावं म्हणून, आणि मग वेगळी बिअर पीत खट्टू होतात. हाँगकाँगला बघितलं तर उलट, तिथं शेजाऱ्यानं मागितलेलाच पदार्थ मागतात. दोघांचंही लक्ष दुसऱ्याच्या ऑर्डरीकडं. खूश राहतो तो पहिल्यांदा सांगणारा. आण्णांचा चेहरा कायम टवटवीत का असतो, याचा उलगडा मला तो वाचून झाला.

मी मेनूकार्ड उलटं उघडलं. शेवटच्या पानावर, 'गावरान' या मथळ्याखाली लिहिलं होतं: कडक भाकरी, शेंगाचटणी, दही. त्या ओळीवर आमटीचा डाग होता. डाग बघून धीर आला. आपल्याआधी कुणीतरी या पानापर्यंत पोचलं होतं.

"मला भाकरी."

टेबल गप्प. आण्णा म्हणाले, "हॉटेलात येऊन भाकरी? घरी मिळत नाही का?" बायकोनं टेबलाखालून चिमटा काढला. "लोकांना वाटंल, मी करून घालत नाही." वेटरनं कानावरचं पेन खाली घेतलं. "भाकरीला टाईम लागंल सर. अर्धा तास."

आता कडक भाकरी ही काय तव्यावरून उतरवून आणायची वस्तू आहे? ती भाजून, वाळवून रचून ठेवलेली असते आणि दिवसच्या दिवस टिकते. पण चारचौघांपेक्षा वेगळं मागितलं की अर्धा तास लागतो. तो अर्धा तास स्वयंपाकघरात खर्च होत नाही. तो दंड असतो.

मला दामाजीपंत आठवले. मंगळवेढ्याच्या ज्वारीला २०१६ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं, पण तिचं नाव त्याआधी पंतांनीच केलं, असं मी धरून चालतो. दुष्काळात वरून हुकूम नसताना त्यांनी बिदरच्या बादशहाची कोठारं लोकांना उघडून दिली. मला कोठार नको होतं, एक भाकरी हवी होती. फरक एवढाच, की कथेप्रमाणं पंतांच्या धान्याचे पैसे भरायला प्रत्यक्ष विठ्ठल विठू महार होऊन बिदरला गेला. इथं बिलाच्या वेळी आण्णा हात धुवायला जातात.

मी 'राहू द्या' म्हणणार, तेवढ्यात टेबलाच्या त्या टोकाकडून आवाज आला. "मलाबी एक भाकरी सांगा. त्या लोण्यानं पोटात कालवतंय."

मामी! ॲशनी हेही करून बघितलं होतं. खोलीत खरं बोलणारा एकच सोबती दिला, की चुकीच्या रेघेला मान डोलावणं एक-चतुर्थांशावर येत होतं. मी ताठ बसलो. "दोन भाकरी," मी वेटरला म्हणालो, "आणि चटणीवर तेल जास्त."

भाकरी पाच मिनिटांत आली. पापडागत पातळ, मधूनमधून करपलेले ठिपके. मोडली की 'कडकन्' आवाज. चटणीवर दही घातलं, कडेनं तांबडं तेल सुटलं. त्या आवाजानं टेबलावरच्या सगळ्या माना वळल्या. आण्णा म्हणाले, "बघू जरा," आणि अर्धी नेली. मेव्हणीनं तुकडा नेला. बायकोनंही नेला, मगाशी चिमटा काढलेल्या हातानं. मग आण्णांनी हात वर केला. "ए, सगळ्यांनाच आण की भाकऱ्या!"

वेटर पुन्हा रेघा मारू लागला. पनीरवर लोण्याची साय धरली. मेव्हणा मशरूमकडं बघत बसला. सगळे भाकरीवर आले म्हटल्यावर त्याला पनीर मागता आलं असतं, पण ते त्याच्या लक्षात आलं नाही.

एवढ्यात शेजारच्या खुर्चीवरून, मोबाईलमधून मान न काढता, नातू बोलला. "मला भाकरी नको. मला नूडल्स."

सगळ्यांनी त्याच्याकडं बघितलं. पहिला मीच बोललो. "अरे, सगळे भाकरी खाऊलालेत, तुझंच काय वेगळं?"

वेटरनं पेन कानावर ठेवलं. "नूडल्सला अर्धा तास लागंल, सर."